गणपतीत 'गोइंग फॉर ॲन इंग्लिश' करावं का?

अनघा_रेडिंग

नमस्कार मंडळी,

आमच्या इथल्या (रेडिंग, इंग्लंड) गणपतीत यंदा मुलांना एक स्किट करायचंय. त्यावरून मंडळाच्या मीटिंगमध्ये चांगलीच खडाजंगी झाली, आणि माझ्या डोक्यातून विषय जाईना म्हणून हा धागा काढला.

स्किट आहे 'गुडनेस ग्रेशस मी' मधलं 'गोइंग फॉर ॲन इंग्लिश'. ज्यांनी पाहिलं नसेल त्यांच्यासाठी थोडक्यात: ब्रिटिश-आशियाई कलाकारांची ही विनोदी मालिका १९९६ पासून बीबीसी रेडिओ ४ वर होती, मग १९९८ ते २००१ बीबीसी टू वर आली. संजीव भास्कर, मीरा स्याल, कुलविंदर घीर आणि नीना वाडिया हे चौघे मुख्य. या स्किटमध्ये मुंबईतली एक टोळी लस्सी पिऊन तर्र होते आणि शुक्रवारी रात्री 'इंग्लिश खायला' म्हणून हॉटेलात शिरते. गोऱ्या वेटरचं नाव जेम्स, त्याला हे 'जामेस' म्हणून हाका मारतात. मेन्यूतला सगळ्यात मिळमिळीत पदार्थ कोणता, अशी चौकशी होते. एकीला साधी चिकन करी हवी असते, कारण इंग्लिश खाल्लं की पोट साफ होत नाही. बाकीचे म्हणतात, अगं त्याच्यासाठीच तर इंग्लिश खायला यायचं! शेवटी चिप्सच्या चोवीस प्लेटी.

माझी मुलगी चौदा वर्षांची आहे. तिला आणि तिच्या मैत्रिणींना हे मराठीत करायचंय. पण १९७१ साली डॉक्टर म्हणून इथे आलेले आमचे एक काका उठले आणि म्हणाले, "माइंड युवर लँग्वेज चालू होतं तेव्हा मी इथे नोकरीला होतो. आदल्या रात्री तो कार्यक्रम झाला की दुसऱ्या दिवशी वॉर्डात लोक हात जोडून, मान डोलवून मला 'थाउजंड अपॉलॉजीज' म्हणायचे. आता आपण त्या जेम्सचं तेच करायचं? आणि तेही शेजारच्या इंग्लिश लोकांना प्रसादाला बोलावून?"

('माइंड युवर लँग्वेज' म्हणजे परदेशी प्रौढांच्या इंग्रजीच्या वर्गावरची जुनी ब्रिटिश विनोदी मालिका.) मला उत्तर देता आलं नाही. मी दोन्हींना मनापासून हसलेय. दोन्हींत फरक आहे असं आतून वाटतं, पण तो नेमका कुठे, ते सांगता येत नाही. तुम्हाला काय वाटतं?

ठाण्याचा_खवय्या

बिनधास्त करा. पहिल्यांदा पाहिलं तेव्हा हसून हसून पोट दुखलं होतं. 'जामेस' तर आमच्या ग्रुपात अजून चालतं.

चौकस

काकांबद्दल पूर्ण आदर ठेवून लिहितो. 'माइंड युवर लँग्वेज' आम्ही भारतात कॅसेटवर आणि नंतर यूट्यूबवर पाहिलं आणि अजून पाहतो. त्यात कुणाला सोडलंय? इटालियन जिओव्हानी, ग्रीक मॅक्स, जर्मन ॲना, जपानी टारो, शीख रणजित, पाकिस्तानी अली. सगळ्यांना सारखाच प्रसाद! आणि प्रत्येक जण आपापल्या परीनं गोड आहे. मास्तर ब्राउनसुद्धा प्रत्येक भागात तोंडावर पडतो. आम्हाला तर रणजित आणि अलीची भांडणं म्हणजे घरचीच वाटायची. यात अपमान शोधायचा तर तो शोधणाऱ्याच्या डोळ्यात आहे.

निवृत्त_वैद्य

चौकस, तुम्ही ते भारतात बसून पाहिलंत. तुमच्या गल्लीत सगळेच तुमच्यासारखे. कार्यक्रम संपला, टीव्ही बंद केला, विषय संपला. मी १९७६ ते ८४ इंग्लंडच्या उत्तर भागात होतो. आमच्या आख्ख्या इस्पितळात तपकिरी माणसं आम्ही तिघं. टीव्ही बंद केल्यावर तो कार्यक्रम आमच्यासाठी सुरू व्हायचा. अनघाताईंचे काका जे सांगतायत ते अगदी तसंच घडायचं, शब्दन् शब्द. माणसं वाईट नव्हती. आजारी पडलो तेव्हा त्यांनीच घरी सूप आणून दिलं. पण रोगनिदान सांगताना समोरचा आपल्या उच्चारावर हसू दाबतोय हे दिसलं की घशाशी येतं.

आणि हे फक्त आम्हालाच खटकत होतं असंही नाही. ती मालिका १९७७ ला सुरू झाली आणि चांगली लोकप्रिय असताना १९७९ ला बंद झाली. लंडन वीकेंड टेलिव्हिजनच्या मायकेल ग्रेड यांना त्यातलं साचेबद्ध चित्रण आक्षेपार्ह वाटलं, म्हणून त्यांनी ती थांबवली. १९८६ साली पुन्हा काढली, पण फार चालली नाही.

चौकस

@निवृत्त_वैद्य, हा मुद्दा माझ्या लक्षात आला नव्हता. आमच्या घरात ती मालिका म्हणजे वडिलांबरोबर बसून पाहायची गोष्ट होती, त्यामुळे जीव गुंतलाय. अलीचं काम करणारा डिनो शफीक ढाक्याचा, रणजित म्हणजे आल्बर्ट मोझेस श्रीलंकेचा, जमिला मॅसी सिमल्याची. निदान ही भारतीय उपखंडातली पात्रं तरी तिथल्याच माणसांनी केली होती, इतकंच माझ्या बाजूनं म्हणेन.

देवळाली_कॅम्प

डिनो शफीकचं नाव निघालं म्हणून राहवलं नाही. तो त्याच सुमारास आणखी एका मालिकेत चहावाला होता, 'इट एन्ट हाफ हॉट मम', बीबीसी, १९७४ ते ८१. ती घडते कुठे ठाऊक आहे? आमच्या देवळालीत! १९४५ साल, देवळालीच्या लष्करी छावणीतलं सैनिकांचं नाटक-गाण्याचं पथक. चित्रीकरण अर्थात इंग्लंडातच झालं, त्यामुळे नाशिकची माती त्यात औषधालासुद्धा नाही. पण लेखकांपैकी जिमी पेरी स्वतः देवळालीच्या त्या पथकात होता.

त्यात रंगी राम नावाचा बेअरर आहे. तो येता-जाता 'आम्ही ब्रिटिश' म्हणून छाती काढतो. काम केलंय मायकेल बेट्स या गोऱ्या नटानं, तोंडाला रंग लावून. आता गंमत बघा, हा बेट्स झाशीत जन्मलेला, उर्दू उत्तम बोलायचा, गुरखा पलटणीत मेजर म्हणून ब्रह्मदेशात लढलेला. म्हणजे ज्याची नक्कल करतोय त्याला तो जवळून ओळखत होता. तरी पडद्यावर मला तो रंगच दिसतो. माझे आजोबा कॅम्पातल्या मेसमध्ये कामाला होते. त्यांचा एक फोटो आमच्याकडे आहे, पांढरा कोट, कमरेला पट्टा, हातात ट्रे. रंगी रामचा पोशाख बघितला की मला तो फोटो आठवतो आणि मला हसू येत नाही. आजोबा कमालीचे मितभाषी होते. घरी येऊन साहेबांच्या नकला मात्र झकास करायचे, असं आजी सांगायची. त्या कुणी चित्रित केल्या नाहीत.

अवांतर: इंग्रजीत डोकं फिरलेल्याला 'डूलॅली' म्हणतात तो शब्द आमच्याच गावाचा. नोकरीची मुदत संपलेले गोरे सैनिक मायदेशाच्या बोटीची वाट बघत देवळालीत पडून असायचे. बोटी हिवाळ्यातच सुटायच्या, त्यामुळे चुकीच्या महिन्यात मुदत संपली की कित्येक महिने ऊन, दारू आणि रिकामपण. त्यातून माणूस भ्रमिष्ट झाला की 'डूलॅली टॅप' झाला म्हणायचे. टॅप म्हणजे आपला ताप!

नगरी_तडका

देवळालीकर, तुमचा ताप तर आमचा विनोदी लेखक-नट स्पाइक मिलिगन! जन्म १६ एप्रिल १९१८, अहमदनगर (आताचं अहिल्यानगर). वडील ब्रिटिशांच्या हिंदी सैन्यात होते. लहानपणी पुण्यात कॉन्व्हेंटमध्ये शिकला, पुढे रंगूनला. रेडिओवरच्या 'द गून शो'चा मुख्य लेखक तोच. मॉन्टी पायथन या ब्रिटिश विनोदी गटाची मंडळी त्याला गुरुस्थानी मानायची.

पण धाग्याच्या विषयाशी त्याचा संबंध जरा कडवट आहे. १९६९ साली 'करी अँड चिप्स' नावाची मालिका आली. त्यात यानं तोंड काळवंडून अर्धा पाकिस्तानी अर्धा आयरिश कामगार केला. सहा भागांत गाशा गुंडाळावा लागला. पुढे १९७५ साली त्याच्या 'क्यू' मालिकेत पाकिस्तानी डालेक असं स्किट होतं. 'डॉक्टर हू' या विज्ञानकथा मालिकेतला तो यंत्राच्या कवचातला परग्रहवासी संध्याकाळी घरी बायकोकडे येतो, दिसेल त्याला उडवतो आणि म्हणतो, घाला करीमध्ये. मी ते पाहिलंय. डालेक घराच्या दारातून आत येतो ही कल्पनाच भन्नाट आहे. पण तो पाकिस्तानी असण्यात काडीचीही कल्पकता नाही, तिथे नुसता उच्चार आणि करी. इतका अचाट डोक्याचा माणूस त्या जागी आळशी झाला, याचं मला खरंच वाईट वाटतं. शिवाय वडील आयरिश म्हणून याच माणसाला त्याआधीच ब्रिटिश पासपोर्ट नाकारला गेला होता आणि त्यानं आयरिश नागरिकत्व घेतलं. परकं ठरवलं जाणं म्हणजे काय, हे त्याला पुरेपूर ठाऊक होतं.

चिन्मयी

नगरी_तडका, सुंदर प्रतिसाद. मिलिगन नगरचा हे आजच कळलं.

सुधीर_९६

मी सहसा नुसता वाचतो, पण या स्किटबद्दल लिहिलंच पाहिजे, कारण मी दोन वर्षं 'जेम्स' होतो.

१९९६ ला बर्मिंगहॅमला शिकायला आलो. खर्च भागवायला शनिवार-रविवार आणि शुक्रवारची रात्र एका करी हाउसमध्ये वेटर म्हणून काम करायचो. पाटी 'इंडियन' अशी, पण मालक, आचारी, भांडी घासणारा, सगळे बांगलादेशातल्या सिल्हेटचे. इथली बहुतेक करी हाउसेस तशीच. मी एकटा हिंदू, एकटा मराठी. मला ते 'दादा' म्हणायचे.

तेव्हा पब रात्री अकराला बंद व्हायचे. (तो नियम २००५ मध्ये सैल झाला.) त्यामुळे सव्वाअकराला दार उघडायचं आणि दहा-बारा जणांचा घोळका आत. आम्ही अकरालाच टेबलांवर पापडांच्या चळती आणि कांदा, आंब्याची चटणी, पुदिना अशी तीन वाट्यांची स्टँड मांडून ठेवायचो, म्हणजे त्यांचे हात गुंतलेले राहतील. कुणीतरी ओरडणार, सगळ्यात जहाल काय आहे? कुणीतरी दुसऱ्याला पैज लावणार. माझं नाव विचारायचे, मी सांगायचो, ते 'सुडर', 'सडिअर' असं काहीतरी म्हणायचे आणि पाच मिनिटांत 'राजू' करून टाकायचे. मी तिथल्या सगळ्यांसाठी राजू होतो. एकदा एकानं माझ्या उच्चारात ऑर्डर दिली, मान डोलवून, पूर्ण ऑर्डर. टेबल खदखदून हसलं. मी ती पॅडवर लिहून घेतली. पेन कागदावर इतकं दाबलं गेलं होतं की खालच्या तीन पानांवर 'चिकन फाल' उमटलं होतं.

१९९८ च्या सुरुवातीला हे स्किट लागलं. मालकाच्या मुलानं टेप करून आणलं. रात्री दीडला दुकान आवरल्यावर वरच्या खोलीत लहान टीव्हीवर लावलं. आमचे मुख्य आचारी चाचा पन्नाशीचे, इंग्रजी बेताचं. पण 'जामेस' ऐकल्यावर ते असे काही हसले की डोळ्यांतून पाणी. त्यांनी टेप मागे नेऊन पाच वेळा पाहिलं. एक-दोन शब्द सोडले तर त्यांना काही समजावून सांगावं लागलं नाही, कारण त्यातली प्रत्येक हालचाल त्यांनी स्वयंपाकघराच्या दाराच्या गोल काचेतून वीस वर्षं पाहिली होती.

अनघाताई, तुमच्या काकांना माझा नमस्कार सांगा. पण त्या स्किटमध्ये हसं जेम्सचं होत नाही. जेम्स बिचारा शांतपणे उभा असतो. हसं होतं ते टेबलावरच्या लोकांचं, आणि ती माणसं भारतीय नव्हेतच. ते माझे शुक्रवारचे गिऱ्हाईक आहेत, फक्त कातडी बदललेली. 'माइंड युवर लँग्वेज' मध्ये उच्चार ज्याचा, हसं त्याचं. इथे उच्चार आमचा आणि वागणं त्यांचं. मला फरक तिथे दिसतो.

चिन्मयी

सुधीरदादा, काय लिहिलंत हो. खालच्या तीन पानांवर उमटलेलं डोळ्यांसमोरून जात नाही.

निवृत्त_वैद्य

सुधीर, नेमकं पकडलंत. मला पंचवीस वर्षं हे मांडता आलं नव्हतं.

म्हापशाची_मारिया

ते जहाल म्हणून जे मागवायचे ते बहुतेक विंडालू असणार! आमच्या विंडालूची काय दशा केली आहे. मूळ पोर्तुगीज 'विन्या द आल्यूश', म्हणजे वाइन किंवा व्हिनेगर आणि लसूण. आमच्याकडे डुकराचं मांस, माडाचं व्हिनेगर, लसूण, मिरची. एक दिवस मुरलं की खरी चव. जहाल असणं हा त्याचा मुद्दाच नाही, आंबटपणा हा मुद्दा. करी हाउसवाल्यांनी त्यात बटाटा घातला आणि पैज मारायचं हत्यार केलं. ('आलू' ऐकून बटाटा आला असं म्हणतात.) पदार्थाचंसुद्धा स्टिरिओटाइप होतं ते असं.

सुधीर_९६

मारियाताई, विंडालू, आणि त्याच्यावरची पायरी फाल. बटाटा आम्हीच घालायचो, माफी असावी.

प्राजक्ता_लेस्टर

मी इथेच जन्मलेय, मराठी आईकडून शिकले, त्यामुळे चुका पोटात घाला. मी ती मालिका लागली तेव्हा अकरा वर्षांची होते आणि मला थोडं वेगळं सांगायचंय.

घरात आम्ही सगळे सोफ्यावर बसून पाहायचो. आई तर हॉटेलात 'हे मी घरी फुकटात केलं असतं' म्हणणाऱ्या बाईला बघून पप्पांकडे वळून म्हणायची, बघा, मीच आहे. त्या मालिकेनं पहिल्यांदा असं झालं की टीव्हीवर आमच्यासारखी माणसं आहेत आणि ती माणसंच विनोद लिहितायत. पण शाळेत? 'किस माय चडीज' हे त्यातल्या 'भांग्रामफिन' म्हणवणाऱ्या टपोरी पोरांचं वाक्य आख्ख्या वर्गाला पाठ. मला जिन्यात अडवून दोन मुलं रोज ते म्हणायची. बाईंना सांगितलं तर म्हणाल्या, अगं पण ते तर तुमचेच लोक म्हणतात ना टीव्हीवर. म्हणजे घरात ते आमचं होतं आणि जिन्यात त्यांचं.

सुधीर काकांचं सगळं पटतं. फक्त स्किट लिहिणाऱ्याच्या हातात असतं तोवरच त्याचं असतं. तो 'चडीज' शब्द २०१९ मध्ये ऑक्सफर्डच्या कोशात गेला तेव्हा माझ्या मैत्रिणींनी कौतुकानं मेसेज पाठवले. मला तो जिना आठवला.

चौकस

@प्राजक्ता, चुका कसल्या, सुरेख लिहिलंय.

हॉवरक्राफ्ट

थोडं इंग्लिश विनोदाच्या बाजूनं. 'परदेशी माणूस मजेशीर बोलतो' एवढ्याच भांडवलावर त्यांची सगळी स्किट्स उभी नाहीत. मॉन्टी पायथनचं १९७० सालचं हंगेरियन वाक्यकोशाचं स्किट घ्या. एक हंगेरियन गृहस्थ तंबाखूच्या दुकानात येतो आणि पुस्तकात बघून म्हणतो, माझ्या हॉवरक्राफ्टमध्ये ईल मासे भरलेत. बिचाऱ्याला फक्त सिगारेट हव्यात. दोष त्याचा नाही, खोडसाळ वाक्यकोश छापणाऱ्या इंग्लिश प्रकाशकाचा, आणि शेवटी कोर्टात उभा राहतो तोच.

'द फास्ट शो' मधलं 'चॅनल नाइन' त्याहून धमाल. कुठल्यातरी उन्हाळी देशातल्या बातम्या, भाषा संपूर्ण बनावट. हवामान सांगणारी कॅरोलाइन अहर्न नकाशावर सूर्यामागून सूर्य दाखवत 'स्कॉर्चिओ!' म्हणते. तो देश स्पेन नाही, इटली नाही, ग्रीस नाही. सुट्टीला गेलेल्या इंग्लिश माणसाला हॉटेलच्या टीव्हीवर जे ऐकू येतं ते आहे. म्हणजे नक्कल त्याच्या कानांची.

विनोदी नट हॅरी एनफिल्डचा स्टाव्ह्रोस मात्र मला जड जातो. ग्रीक कबाबवाला, मोडकं इंग्रजी. तो हॅकनेतल्या ओळखीच्या खऱ्या दुकानदारावरून घेतला होता, त्यामुळे त्यात जिव्हाळा आहे हे दिसतं. पण तो दुकानदार काय म्हणाला असता, हे आपल्याला कुठे ऐकायला मिळतं?

दूरदर्शनप्रेमी

'माइंड युवर लँग्वेज'वरून आपल्याकडे १९९३ मध्ये 'ज़बान संभाल के' आली होती, आठवते का? पंकज कपूर मास्तर, शुभा खोटे प्राचार्या, टॉम आल्टर इंग्लिश विद्यार्थी. आणि विजू खोटे यांचा मराठी विठ्ठल बापूराव पोटे! आमच्या चाळीत सगळे हसायचे. मीही हसायचो. पण तेव्हा कळलं नाही ते आता विचार करताना कळतंय. बाकी राज्यांच्या माणसांना हसताना मी मोकळा होतो आणि पोटे आला की नकळत आजूबाजूला बघायचो, आमचा गुजराती शेजारी किती हसतोय ते. हिंदी सिनेमातला मराठी हवालदार आणि मराठी कामवाली बघतानाही तेच होतं. विजू खोटे मराठीच होते, म्हणून थोडं बरं वाटायचं, एवढंच.

ठाण्याचा_खवय्या

अरे हो! हिंदीत मराठी बाई म्हटली की नऊवारी आणि 'आई गं'. या विषयावर वेगळा धागा हवा.

साकेत_मँचेस्टर

वर बऱ्याच जणांचा सूर असा दिसतो की आपल्याच माणसानं केलं तर चालतं. मला तेवढं पुरत नाही. दोन उदाहरणं देतो.

'लिटल ब्रिटन' आणि 'कम फ्लाय विथ मी' मध्ये मॅट लुकास आणि डेव्हिड वॉलियम्स या दोघा गोऱ्यांनी रंग लावून काळ्या आणि आशियाई माणसांची पात्रं केली. २०२० च्या जूनमध्ये दोन्ही नेटफ्लिक्सवरून काढली गेली. पुढे 'लिटल ब्रिटन' २०२२ मध्ये काटछाट करून बीबीसीच्या आयप्लेयरवर परतलं. इथवर आपला नियम बरोबर चालतो.

पण 'फॅमलॅम' घ्या. बीबीसी थ्री, २०१८ ते २०२०, कृष्णवर्णीय ब्रिटिश कलाकारांनीच केलेला स्किट शो. त्यात 'काउंटडाउन' या शब्दकोड्याच्या कार्यक्रमाची जमैकन आवृत्ती दाखवली आणि २०२० मध्ये जमैकात संताप उसळला. थेट त्यांच्या परराष्ट्रमंत्री कमिना जॉन्सन स्मिथ यांनी जाहीर निषेध केला. म्हणजे लंडनमध्ये जे आपलं, ते किंग्स्टनमध्ये परक्याचं ठरलं.

'गुडनेस ग्रेशस मी'चंही थोडं तसंच आहे. त्यात आशियाई म्हणजे मुख्यतः पंजाबी. आम्हा मराठी लोकांना ते आपलं वाटतं कारण बाहेरच्याला आपण आणि ते एकच दिसतो. त्यांच्या नावावर आपण हसून घेतो.

निवृत्त_वैद्य

साकेत, मुद्दा रास्त आहे. एक भर घालतो. त्या मालिकेचं नावच मुळात उत्तर आहे. 'गुडनेस ग्रेशस मी' हे १९६० सालचं ब्रिटिश विनोदी नट पीटर सेलर्स आणि सोफिया लॉरेनचं गाणं. सेलर्सनं भारतीय डॉक्टरची नक्कल केलेली. मी इंग्लंडला गेलो तेव्हा डॉक्टर आणि भारतीय म्हटलं की हेच गाणं कानावर यायचं, पंधरा वर्षं जुनं असूनही. या चौघांनी तेच नाव उचललं आणि त्याच गाण्याची भांगडा चाल शीर्षकगीत केली. मालिकेचं आधी ठरवलेलं नाव तर 'पीटर सेलर्स इज डेड' असं होतं! ती चाल पहिल्यांदा टीव्हीवर वाजली तेव्हा मी भारतात परतलो होतो. मुलानं टेप पाठवली. मी आणि बायको दोघंच घरी होतो आणि आम्ही दोघं उभे राहून नाचलो. साठीला आलेली माणसं. ते पंजाबी होते की कोण, त्या क्षणी मनातही आलं नाही.

नगरी_तडका

डॉक्टरसाहेब, _/\_

देवळाली_कॅम्प

नीना वाडिया मात्र आपल्या मुंबईची बरं का! पारशी, जन्म मुंबईचा. लहानपणी हाँगकाँगला गेली.

अनघा_रेडिंग

तीन दिवसांनी येतेय, माफ करा. सगळा धागा छापून काकांना नेऊन दिला. त्यांनी चष्मा लावून सावकाश वाचला. सुधीर यांचा प्रतिसाद दोनदा वाचला आणि बराच वेळ गप्प बसले. मग म्हणाले, "हा मुलगा बरोबर सांगतोय. पण जिन्यातली ती मुलगीही बरोबर सांगतेय. माझा विरोध मागे घेत नाही, पण आता भांडणार नाही."

खरी गोची वेगळीच निघाली. मी लेकीला बसवून मूळ स्किट दाखवलं, तर ती म्हणते, "आई, ते इतके ओरडत का येतात? शुक्रवारच का?" तिला पब अकराला बंद होणं माहीत नाही. घोळक्यानं करी हाउसमध्ये शिरणारे दारूडे तिनं पाहिलेलेच नाहीत, आम्ही तर जेवण फोनवरून मागवतो. तिला 'जामेस' तेवढं मजेशीर वाटलं होतं. म्हणजे आमच्या पोरींनी केलं असतं तर स्टेजवर उरला असता फक्त उच्चार, आणि काकांची भीती खरी झाली असती. सुधीरदादांच्या चाचांना जे न सांगता कळलं ते हिला समजावून सांगावं लागलं.

म्हणून पोरींनी स्किट बदललं. त्याच मालिकेत सगळं काही भारतातूनच आलं असं ठणकावून सांगणारा एक बाप आहे, संजीव भास्करनं केलेला. राजघराणं भारतीय, कारण सगळे एकाच घरात राहतात आणि घरचाच धंदा करतात! तसा एक मराठी आजोबा करायचाय. नातीचा इंग्लिश मित्र घरी आलाय आणि आजोबा म्हणतायत, तुमचं सगळं आमच्याकडून आलंय. लेकीनं तुमच्या प्रतिसादांतून यादी काढली: डूलॅली आमच्या देवळालीचं, मिलिगन आमच्या नगरचा, नीना वाडिया आमच्या मुंबईची, विंडालू आमच्या गोव्याचा, चडीज म्हणजे आमची चड्डी. मजा अशी की त्या मित्राला ही सगळी थापेबाजी वाटते, तो फोन काढून एकेक शोधायला लागतो आणि सगळं खरं निघतं.

आजोबांचं काम काका करणार का, असं पोरींनी परस्पर जाऊन विचारलं. 'बघू' म्हणालेत. अजून तीन-चार गोष्टी हव्यात. सुचवा.

चौकस

बॅडमिंटन! आधीचं नाव 'पूना'. पुण्याच्या छावणीतल्या गोऱ्यांनी त्याचे नियम १८७३ च्या सुमारास बांधले.

म्हापशाची_मारिया

विंडालू गोव्याचा खराच, पण त्या आजोबांनी 'आमचा' म्हटलं की मी पहिल्या रांगेतून उठून उभी राहीन. त्यांना म्हणावं, शेजारचा म्हणा.

प्राजक्ता_लेस्टर

अनघाताई, चडीज गाळा ना. तो त्यांनी पंजाबीतून घेतलाय, आजोबा खोटे पडतील. आणि रेडिंगला कार्यक्रम किती तारखेला आहे? लेस्टरहून ट्रेननं येता येईल, आईलाही आणेन.